हात गार हवेत

सांगलीला आमच्या घरात ओव्हन नव्हता. गल्लीत कुणाकडेच नव्हता. दिवाळीच्या आठ-दहा दिवस आधी आई गावभागातल्या बेकरीत नंबर लावून यायची आणि ठरलेल्या दुपारी आम्ही दोघी मैदा, रवा, पिठीसाखर डब्यांतून आणि तूप बरणीतून घेऊन तिथे जायचो. बेकरीतले मामा सगळंच करून द्यायला तयार असायचे, पण आई ऐकायची नाही. "फेसायचं मी बघते, तुम्ही फक्त भाजून द्या," म्हणायची. मग परातीत तूप आणि साखर घेऊन उजव्या हाताचा तळवा अर्धा अर्धा तास गोल फिरत राहायचा. तूप पांढरंशुभ्र आणि हलकं झालं की ती वाटीभर पाण्यात त्याचा एक ठिपका टाकायची. तो तरंगला की झालं. मग मैदा, रवा, वेलदोडा, जायफळ. नानकटाईचे चपटे गोळे पत्र्यांवर ओळीने मांडून मामा भट्टीत सारायचे आणि आम्ही बाकावर बसून राहायचो. डबे भरून घरी परतताना रिक्षाभर वास सुटलेला असायचा.

म्हणजे कालवणं घरचं आणि भाजणं बाहेरचं, हे मला इतकं सवयीचं होतं, की २००९ साली स्कॉटलंडमधल्या ॲबर्डीनला आलो तेव्हा भाड्याच्या घरातल्या ओव्हनमध्ये मी पहिले सहा महिने कढया आणि तवे ठेवत होते.

नवऱ्याचं काम उत्तर समुद्रातल्या तेलविहिरींशी जोडलेलं, आणि त्या कामासाठी आलेली मराठी घरं इथे आणखीही होती. तरी पहिला हिवाळा मी कुणाशी न बोलता काढला, असंच आठवतं. डिसेंबरात सकाळी पावणेनऊला उजाडतं आणि दुपारी साडेतीनला दिवस संपतो. सगळं शहर करड्या ग्रॅनाइटचं. ऊन असलं की तो दगड चांदीसारखा चमकतो, आणि नसलं की आभाळ, रस्ता, भिंत सगळं एकाच रंगाचं. अशाच एका संध्याकाळी शेजारच्या बाई दारात उभ्या राहिल्या. हातात ताटली, ताटलीवर झाकलेला टॉवेल. "फिट लाइक, क्वाइन?" म्हणाल्या. मला वाटलं तब्येतीबद्दल विचारतायत. इथल्या डोरिक बोलीत 'व्हॉट'चा 'फिट' होतो, आणि क्वाइन म्हणजे मुलगी. 'कशी आहेस गं पोरी', एवढाच त्याचा अर्थ, हे मला पुष्कळ नंतर कळलं. टॉवेलखाली शॉर्टब्रेडचे, म्हणजे इथल्या लोण्याच्या बिस्किटाचे, फिकट पिवळे त्रिकोणी तुकडे होते. एक मोडला तर टक्कन आवाज झाला, आणि तोंडात घातल्यावर तो आधी वाळूसारखा रवाळ लागला, मग क्षणात विरघळला. मी त्यांच्यासमोर उभी राहूनच दुसरा उचलला.

त्यांना मी मनात आजी म्हणते. तोंडाने त्यांचं नाव घेते, कारण इथे तसंच घेतात. पहिलं वर्षभर ते नाव उच्चारताना जीभ अडखळायची.

कृती विचारली तेव्हा त्यांनी तीन बोटं वर केली. एक, दोन, तीन. एक भाग साखर, दोन भाग लोणी, तीन भाग मैदा, सगळं वजनावर. १०० ग्रॅम, २०० ग्रॅम, ३०० ग्रॅम. अंडं नाही, दूध नाही, सोडा नाही, वास नाही. लोणी मिठाचं असलं तर चिमूटभर मीठसुद्धा वेगळं लागत नाही. मला ही कृती अर्धवट वाटली. मी घरी येऊन त्यात वेलदोडा घातला, थोडं जायफळ किसलं, आणि पोळ्यांची कणीक मळावी तशी मनगटाचा जोर लावून मळली. छान तुकतुकीत गोळा झाला. भाजून निघालं ते इतकं कडक, की सुरीचं टोक त्यात शिरेना. ते मी आजींना नेऊन दिलं. त्यांनी चावून खाल्लं, चव छान आहे म्हणाल्या, आणि मग माझे दोन्ही हात आपल्या हातात घेऊन बघितले. "हेट," म्हणाल्या. गरम. त्यांचे हात गार होते, अगदी माठाला हात लावल्यासारखे.

त्या दिवसापासून माझी शिकवणी त्यांच्या ओट्यापाशी सुरू झाली.

शॉर्टब्रेडमधला 'शॉर्ट' म्हणजे आखूड नव्हे. इंग्रजीच्या जुन्या वापरात 'शॉर्ट' म्हणजे ठिसूळ, चटकन मोडणारं. मैद्यात पाणी पडून तो मळला गेला की ग्लुटेनच्या लांब लवचिक तारा तयार होतात. पोळीला आणि पावाला त्या हव्याच असतात. पण पाण्याच्या आधी स्निग्ध पदार्थ मैद्याच्या कणाला लपेटून बसला, तर पाणी आत पोचत नाही, तारा जुळत नाहीत आणि भाजलेला पदार्थ खुसखुशीत होतो. हे वाचलं तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवलं. कारण हे तर मोहन! शंकरपाळ्यांना, करंज्यांना, चकलीच्या भाजणीला घालतो ते मोहन. पिठाची मूठ वळली आणि बोट लावताच फुटली की मोहन बेताचं पडलं, ही आईची परीक्षा. आजी ओट्यावर अगदी तीच परीक्षा करत होत्या. मुठीत दाबून गोळा होतोय का बघायचं, आणि झाला की तिथेच थांबायचं.

थांबायचं, हे मला फार जड गेलं. आपल्या हाताला मळायची सवय आहे. पण लोण्यात, तुपात नसतं असं काहीतरी असतं, ते म्हणजे पाणी. इथल्या लोण्यात किमान ८० टक्के स्निग्धांश असतो आणि १६ टक्क्यांपर्यंत पाणी. २०० ग्रॅम लोण्यातून नकळत ३० ग्रॅमच्या आसपास पाणी पिठात जातं. तेवढ्याच ओलाव्यावर शॉर्टब्रेड सांधलं जातं, म्हणून वेगळं दूध किंवा अंडं लागत नाही. पण मळत बसलं तर तेवढंच पाणी तारा जुळवायला पुरतं. शिवाय लोणी साधारण ३२ ते ३५ अंशांना वितळतं. जिभेवर ते विरघळतं याचं कारणही तेच, आणि माझ्या तळव्यात ते तेलकट व्हायचं याचंही. आजी सुरुवातीला नळाखाली हात धरायच्या, मनगटांवरून पाणी सोडायच्या, पुसून कोरडे करायच्या, आणि मग बोटांच्या टोकांनी लोणी-साखर-पीठ एकमेकांत चुरत जायच्या. तळवा लागू द्यायचा नाही. माझ्या आईचं सगळं कसब तळव्यात, यांचं बोटांच्या पेरांत.

एकदा मी साजूक तूप वापरून बघितलं. वास घरचा आला, पण तो टक्कन आवाज गेला. तुकडा उचलायला जावं तर वाळूच्या किल्ल्यासारखा ढासळायचा. तुपात पाणी जवळजवळ नसतं, मग धरून ठेवणार कोण? म्हणूनच नानकटाई भाजताना पसरते आणि तिला वरून भेगा जातात. तिला ते शोभतं. दोन्ही एकाच घरातल्या वाटाव्यात अशा वस्तू, पण एकीला दुसरीचा अंगरखा घालायचा नाही, एवढं मला त्या दिवशी पटलं.

एक गोष्ट मात्र दोघींकडे अगदी एकसारखी निघाली. आई नानकटाईत मूठभर रवा घालायची. आजी ३०० ग्रॅम मैद्यातला ५० ग्रॅम काढून त्याजागी भरड दळलेला तांदूळ घालतात. मैद्याच्या गुळगुळीतपणाला दाताखाली कुठेतरी अडवलं पाहिजे, हे कळलेल्या बायका सांगलीतही होत्या आणि बकनच्या शेतावरही.

बकन म्हणजे ॲबर्डीनच्या उत्तरेचा सपाट, वाऱ्याने झोडपलेला भाग. आजी तिथल्या शेतावर वाढल्या. त्यांच्या लहानपणी रोजचं खाणं ओट्सचं, म्हणजे सकाळी लापशी आणि दिवसभर ओटकेक. ते भाजायचे गर्डलवर, म्हणजे चक्क तव्यावर. लोखंडी, सपाट, वर मोठी कडी, चुलीवर टांगायची सोय असलेला तवा. त्यांच्या माळ्यावर अजून आहे. मी उचलून बघितला तर आमच्या भाकरीच्या तव्याच्या दुप्पट जड. स्कॉटलंडच्या थंड, ओल्या हवेत ओट्स येतात, गहू सगळीकडे येत नाही. त्यामुळे पांढरा मैदा, भरपूर लोणी आणि साखर हा एकूणच सणाचा ऐवज होता. १७३६ साली ग्लासगोत छापलेल्या पाककृतींत शॉर्टब्रेड सापडतं, पण घराघरांत ते भाजलं जाऊ लागलं ते पुढे, ओव्हन असलेली शेगडी स्वयंपाकघरात आल्यावर. त्याआधी तवा आणि विस्तव. हे ऐकल्यापासून मला आमच्या ओव्हन नसलेल्या घराचं अप्रूप वाटायचं थांबलं.

स्कॉटलंडच्या राणी मेरीची एक गोष्ट इथे सगळे सांगतात, की तिला शॉर्टब्रेडचे परकराच्या घेरासारखे तुकडे आवडत. पेटिकोट टेल्स हे त्यांचं नाव. गोष्ट खरी असो नसो, आकार खरोखर घेरदार परकराच्या कळ्यांसारखा असतो. कडेला चिमटीने मुरड घालतात, अगदी करंजीला घालतो तशी, फक्त आखूड आणि जाड.

मला मेरीपेक्षा दुसरी प्रथा जवळची वाटते. स्कॉटलंडच्या उत्तरेकडे आणि शेटलंड बेटांत नवी नवरी सासरच्या उंबऱ्यावर आली की तिच्या डोक्यावर शॉर्टब्रेडसारखी गोड भाकर मोडायचे. शेटलंडमधल्या त्या भाकरीत शहाजिरं घालत. तुकडे उधळले की जमलेल्या लोकांनी ते उचलायचे. आजींनी हे सांगितलं तेव्हा मी त्यांना आमच्याकडचं सांगितलं. नवरी दारात आली की तिच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकतात, आणि मग ती माप ओलांडते. त्या बराच वेळ गप्प बसल्या. मग त्यांनी विचारलं, "कशाची भाकरी?" ज्वारीची, म्हटलं. ज्वारी म्हणजे काय हे समजावण्यात आमची उरलेली दुपार गेली. शेवटी मी घरून पीठ आणून त्यांच्या त्या गर्डलवर एक भाकरी थापून दाखवली. ती फुगली तेव्हा त्यांनी टाळ्या वाजवल्या.

साखरेबद्दल लिहिल्याशिवाय मला पुढे जाता येत नाही. मी उसाच्या मुलखातली. गाळपाच्या हंगामात उसाच्या गाड्या, रस्त्याकडेला ऊसतोड करणाऱ्यांच्या कोप्या आणि त्या कोप्यांतली माझ्या वयाची, शाळेत न जाणारी मुलं हे सगळं बघत मोठी झाले. त्यामुळे पांढरी साखर हातात घेतली की ती कुणी तोडली हा प्रश्न मला पडतो. इथली साखर क्लाइड नदीकाठच्या ग्रीनॉक बंदरात उतरायची. तिथे १७६५ पासून साखर शुद्ध होत होती, शेवटचा कारखाना १९९७ साली बंद झाला. सुरुवातीची कितीतरी दशकं ती साखर कॅरिबियन बेटांवर गुलाम केलेल्या आफ्रिकी माणसांच्या कष्टांतून येत होती. ग्लासगोत आजही जमैका स्ट्रीट आहे. ग्लासगो विद्यापीठाने २०१८ मध्ये त्या पैशातून आपल्याला झालेल्या लाभाचा अहवाल प्रसिद्ध केला आणि पुढच्या वर्षी वेस्ट इंडीज विद्यापीठाशी भरपाईचा करार केला. तीनच जिन्नसांच्या पदार्थातला एक असा आहे. मी शॉर्टब्रेड करायचं थांबवलं नाही. माझा मुलगा साखर तोलायला लागला तेव्हा मात्र त्याला ग्रीनॉकचंही सांगितलं आणि कोप्यांचंही.

भाजण्याला वेळ लागतो, आणि मला त्यातला हाच भाग सर्वांत आवडतो. साच्यात पीठ सारखं दाबायचं, काट्याने खोलवर टोचायचं. नाहीतर वाफ अडून मध्येच फुगवटा येतो. मग १५० अंशांवर साधारण तासभर. जास्त आच दिली तर कडा लाल होतात आणि मध्य कच्चा राहतो. पहिल्या वीस मिनिटांत नुसता वितळलेल्या लोण्याचा वास येतो. मग तो नाहीसा होतो, आपण काहीतरी विसरलो असं वाटतं. चाळिसाव्या मिनिटाच्या सुमारास भाजल्या दुधासारखा, थोडा खरपूस वास येतो आणि तिथून पुढे जागचं हलायचं नाही. रंग हवा फिकट पेंढ्याचा. बाहेर काढल्याबरोबर, गरम असतानाच सुरीने तुकडे पाडायचे आणि वरून साखर भुरभुरवायची. पाच मिनिटं उशीर झाला की सुरीखाली सगळं वेडंवाकडं तडकतं. आजी म्हणतात, डब्यात निदान तीन दिवस राहू दे. आमच्या घरात ते तीन दिवस अजून कधी पुरे झालेले नाहीत.

दुकानात मिळतं ते वाईट नसतं. ॲबर्लूर इथून तासा-दीड तासाच्या अंतरावर आहे. जोसेफ वॉकरने १८९८ मध्ये काढलेली बेकरी पुढे तिथे आली आणि तिचे लाल चौकटीचे डबे आज जगभर जातात. आम्हीही भारतात जाताना तेच नेतो. आईच्या फळीवर त्या डब्यांत आता मेथ्या आणि ओवा आहे. पण विकतच्या तुकड्याला कुणाचा हात नसतो, आणि तीनच जिन्नस असले की चवीत हात फार दिसतो. लपायला मसाला नाही, पाक नाही, काही नाही. आजींचं शॉर्टब्रेड मी डोळे मिटून ओळखेन.

शॉर्टब्रेडचा खरा दिवस ३१ डिसेंबर. इथे त्याला हॉगमने म्हणतात. स्कॉटलंडच्या धर्मसुधारकांना नाताळ मान्य नव्हता. १६४० मध्ये पार्लमेंटने त्याची सुट्टीच रद्द केली आणि २५ डिसेंबरला सार्वजनिक सुट्टी मिळाली ती थेट १९५८ साली. त्यामुळे हिवाळ्याचा सगळा उत्साह वर्षअखेरीला सरकला. घर झाडून पुसून लख्ख करायचं, देणी चुकती करायची, आणि मध्यरात्रीचे टोले पडल्यावर उंबरा ओलांडणाऱ्या पहिल्या माणसाची वाट बघायची. तो फर्स्ट-फूट. त्याने रिकाम्या हाताने यायचं नाही. कोळसा, शॉर्टब्रेड, व्हिस्की काहीतरी आणायचं. घरात ऊब, अन्न आणि आनंद राहावा म्हणून. तो काळ्या केसांचा असेल तर सर्वांत शुभ.

२०१० च्या त्या रात्री पावणेबारा वाजता आजींनी आमचं दार वाजवलं. दरवर्षी येणारा त्यांचा दीर त्या शरदात गेला होता. त्यांनी माझ्या नवऱ्याकडे, त्याच्या डोक्याकडे, बघून विचारलं, "तू येशील?" त्याच्या हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेला कोळशाचा खडा ठेवला आणि आपल्या घरी परत जाऊन दार लावून घेतलं. बारा वाजले. समुद्रावर जहाजांचे भोंगे सुरू झाले. नवऱ्याने त्यांचं दार वाजवलं, आत पाऊल टाकलं, कोळसा दिला, मी केलेल्या शॉर्टब्रेडची ताटली दिली. ते माझं पहिलं नीट जमलेलं शॉर्टब्रेड होतं. त्याला वाक्य आधीच शिकवून ठेवलं होतं, ते तो न चुकता म्हणाला: "लँग मे युअर लम रीक." तुमच्या धुराड्यातून दीर्घकाळ धूर निघो. घरातली चूल पेटती राहो. आजींनी त्याच्या गालाचा मुका घेतला, व्हिस्की ओतली आणि मला म्हणाल्या, दार लाव, गारठा येतोय, आणि बस.

ज्या शहरात आम्ही वर्षभर 'तुम्ही मूळचे कुठले' याचं उत्तर देत होतो, तिथे एका घरी त्या रात्री आमच्यासाठी दार बंद करून ठेवलं होतं, ते आमच्याच माणसाने उघडावं म्हणून. हे मी आईला फोनवर सांगितलं तेव्हा तिने फक्त विचारलं, "ओवाळलंस का त्याला?" नव्हतं. पुढच्या वर्षीपासून निघताना ओवाळते.

तो कोळशाचा खडा तोच आहे. आजी तो जाळत नाहीत. त्यांच्या घरी कोळशाची शेगडी केव्हाच गेली. जानेवारीत तो आमच्याकडे परत येतो आणि वर्षभर कपाटात राहतो. नवऱ्याच्या डोक्यात पांढरे केस दिसायला लागले तसं आजींनी एकदा स्पष्ट सांगितलं, आता मुलाला पाठव. तेव्हापासून तो जातो. त्याचे केस माझ्या आईसारखे, काळेभोर आणि दाट.

मागच्या वर्षी आजी वृद्धाश्रमात गेल्या. पायऱ्या झेपेनात. तिथे रात्री आठनंतर भेटता येत नाही, म्हणून आम्ही १ जानेवारीला सकाळी गेलो. तोपर्यंत त्यांच्या खोलीत परिचारिका, औषधं देणारा मुलगा, सगळे येऊन गेलेले असणार. पण दाराशी कागद चिकटवलेला दिसला. परिचारिकेच्या हातून लिहवून घेतलेला: नाश्ता बाहेरच ठेवा, माझा फर्स्ट-फूट अजून यायचा आहे.

मुलाने दार वाजवलं. आत गेला, कोळसा खिडकीच्या कट्ट्यावर ठेवला, ते वाक्य म्हणाला, आणि डबा त्यांच्या मांडीवर ठेवून झाकण काढलं. या खेपेला सगळं त्यानेच केलं होतं, नळाखाली हात धरण्यापासून. आजींनी एक तुकडा उचलला. दोन्ही हातांनी, कानाजवळ नेऊन मोडला. आवाज ऐकला. अर्धा तोंडात घातला, डोळे मिटले, आणि बराच वेळ काही बोलल्या नाहीत. मग उरलेला अर्धा उजेडात धरून उलटा केला, त्याची खालची बाजू बघितली.

"अ थोख्टी ओअर ब्रून," म्हणाल्या. किंचित जास्त भाजलंय. आणि दुसरा उचलला.